आढ्याला न पोचलेली भिंत

शिरूरच्या घरात मी सतरा वर्षं काढली आणि तेवढ्या काळात एक रात्रही एकटी झोपले नाही. मिशनच्या आवारात, चिंचेच्या झाडामागं आमच्या दोन खोल्या होत्या. त्यात बाबा, आई आणि आम्ही पाच भावंडं. बाबा तिथल्याच शाळेत मास्तर होते. पहाटे त्यांच्या प्रार्थनेचा पुटपुटता आवाज, मागोमाग आईच्या जात्याची घरघर, मग धाकट्यांची पांघरुणावरून भांडणं, असा आमचा दिवस उजाडायचा. रविवारी देवळातून, म्हणजे आमच्या चर्चमधून, परत येईपर्यंत चुलीवर मटण रटरटत असे आणि त्याचा वास आवाराच्या फाटकापाशीच नाकात शिरायचा, त्यामुळं शेवटचं गीत आम्ही भावंडं जरा घाईनंच म्हणत असू. उन्हाळ्यात घोडनदीच्या वाळूत झरे उकरून पाणी भरायला जायचो, तेही घोळक्यानं. हुलग्याचं माडगं प्यायला बसलो तरी एकाच्या कोपराचा धक्का दुसऱ्याच्या वाटीला. या गर्दीला मी इतकी कंटाळले होते की एखादी खोली फक्त आपली असावी, तिला आतून कडी असावी, एवढीच माझी स्वर्गाची कल्पना होती.

ती खोली मला दौंडला मिळाली. मॅट्रिक झाले आणि बाबांच्या ओळखीनं तिथल्या एका छोट्या शाळेत पहिलीच्या वर्गावर लागले. बाबा मला पोचवायला आले. न्हावऱ्यावरून जाणाऱ्या एसटीच्या टपावर माझी ट्रंक आणि वळकटी, मांडीवर आईनं दिलेला भाजणीचा डबा. भीमेचा पूल ओलांडला तशी हवाच बदलली. धुराचा, ओल्या कोळशाचा आणि तापलेल्या तेलाचा एक वास त्या गावावर कायम पसरलेला असे. बाबांनी खोली झाडून दिली, खिडकीचे निखळलेले गज ठोकून बसवले, गुडघे टेकून लहानशी प्रार्थना केली आणि परतीच्या गाडीची वेळ झाली म्हणून उठले. जाताना म्हणाले, “कडी नीट लागते का बघ.” मी लावून दाखवली. पुन्हा उघडली तेव्हा ते रस्त्याच्या वळणापर्यंत गेले होते.

स्टेशनामागच्या बोळात गोदामावशींची सहा खोल्यांची चाळ होती. मावशी विधवा, अंगानं भरलेल्या, आवाजानं त्याहून. पहिल्याच दिवशी त्यांनी मला विचारलं, “कोन लोकं तुम्ही?” मी म्हटलं, ख्रिस्ती. त्यांनी एकदा नळाकडं पाहिलं. मग म्हणाल्या, “ऱ्हा की. माजं काई म्हननं न्हाई. निस्तं नळावर सगळ्यांचं झालं की मग तुजं भर, म्हंजी कुनाच्या तोंडाला निमित्त नको.” त्यांच्या आवाजात वाईटपणा नव्हता. आपल्याकडं हे असंच असतं, एवढंच त्यांना म्हणायचं होतं, आणि मीही ते तसंच घेतलं. आज मला त्याचा जेवढा राग येतो तेवढा तेव्हा आला नाही, ही गोष्ट मला अधिक टोचते.

दौंडला आवाज फार होते, पण त्यातला एकही माझ्यासाठी नव्हता. इंजिनांच्या शिट्ट्या, डबे जोडताना होणारा धाड्‌धाड् आवाज, वाफ सोडल्याचा लांब सुस्कारा. गाड्या यायच्या, पाणी प्यायच्या आणि कुठं कुठं निघून जायच्या. सोलापूर, मनमाड, मद्रास. वाळत घातलेल्या लुगड्यावर कोळशाची बारीक काळी कणी बसायची. शाळेतली मुलं ‘बाई’ म्हणायची, बाजारातला वाणी ‘ताई’ म्हणायचा, मावशी ‘मास्तरीणबाई’. महिना झाला तरी मला माझ्या नावानं कुणी हाक मारली नव्हती. एकदा दुपारी मी स्वतःच हळूच ‘रूथ’ असं म्हणून पाहिलं. रिकाम्या खोलीत ते नाव दुसऱ्याच कुणाचं वाटलं.

पण खोली अगदीच माझी एकटीची नव्हती. शेजारच्या खोलीतली आणि माझ्यातली भिंत आढ्यापर्यंत गेलेली नव्हती. पुरुषभर उंचीला ती थांबली होती आणि वर कौलांपर्यंत सगळं मोकळं. त्या मोकळ्या जागेतून पलीकडचा धूर इकडं यायचा, इकडचा तिकडं जायचा. संध्याकाळी पलीकडं कंदील लागला की माझ्या बाजूच्या कौलांवर पिवळा उजेड पसरायचा आणि कुणी चाललं की त्यात मोठी, मऊ सावली हलायची. मी अंथरुणावर पडून ती सावली बघत असे. नदीच्या तळाशी पडून वरचं पाणी बघावं तसं वाटायचं.

ती सावली तंकमची होती. मल्याळी मुलगी, माझ्याहून दोन-तीन वर्षांनी मोठी. तिचा नवरा भास्करन आगगाडीच्या डब्यांतले दिवे आणि पंखे दुरुस्त करायचा. त्याच्या स्वतःच्या खोलीत मात्र वीज नव्हती, त्यावरून चाळीतले लोक हसत. त्याला कामापुरती हिंदी यायची. तिला मल्याळमशिवाय काही म्हणता काही येत नव्हतं. चाळ त्या दोघांना मद्रासी म्हणायची. तंकम न्हाली की केस मोकळे सोडून टोकाशी एक गाठ मारायची, खोबरेल तेलाचा वास भिंतीवरून माझ्याकडं उतरायचा. ती पांढरं, बारीक काठाचं वस्त्र नेसायची, आणि धडधाकट नवरा असताना बाई पांढरं का नेसते हे चाळीतल्या बायकांना सोसत नसे. मावशींनी तिला आपलं एक जुनं हिरवं लुगडं नेऊन दिलं होतं. तिनं ते दोन्ही हातांनी घेतलं, कपाळाला लावलं आणि त्याचा पडदा करून दाराला टांगला.

आमची ओळख पाण्यावरून झाली. नळ अवेळी यायचा. एकदा तिनं भिंतीवर मुठीनं ठकठक केलं आणि म्हणाली, “वेळ्ळम.” मी बाहेर येऊन पाहिलं तर नळाला धार लागलेली. पाण्याला ते वेळ्ळम म्हणतात हे मला कळलं. सगळ्यांचं भरून झाल्यावर मी भरायची. तर ती आपली कळशी भरली तरी आत न जाता माझी पाळी येईपर्यंत उन्हात उभी राहायची. का, ते तिला सांगता येत नव्हतं आणि मला विचारता येत नव्हतं. मग तिच्याकडून एक दिवस वाटीभर मुगाची उसळ आली, खोबऱ्याच्या फोडणीची. रिकामी वाटी परत करायची नसते, म्हणून मी तिच्यात ठेचा घालून दिला. थोड्या वेळानं भिंतीपलीकडून जो ठसका लागला तो पाच मिनिटं थांबेना. मी धावत गेले तर तिच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि हसतही होती. मी भाकरी थापायला बसले की ती उंबऱ्यावर येऊन बसे. त्या थापण्याच्या आवाजाचं तिला भारी कौतुक. तिनं केलेली पहिली भाकरी शाळेच्या भिंतीवरच्या नकाशासारखी झाली होती, एका बाजूला किनारपट्टी आणि मधे दोन तळी. आम्ही ती दोघींनी खाल्ली.

ती मला ‘टीच्चर’ म्हणायची. संध्याकाळी मी एखादं गीत गुणगुणायला लागले की पलीकडची भांडी वाजायची थांबत. मी तिला कधी काही सांगितलं नाही, तिनंही मला. आता माझ्या आयुष्यात भरपूर बोलणारी माणसं येऊन गेली, काहींशी मी जन्मभर बोलले, तरी त्या चार-पाच महिन्यांत न बोलता जेवढा वेळ कुणाच्या सोबतीत गेला तेवढा पुन्हा गेला नाही.

तरीही मी दिवाळीला घरी जायचं आणि परत यायचं नाही असं ठरवलं होतं. बाबांना तसं पत्रही टाकलं होतं.

तो शनिवार होता. शाळा सकाळची होती. भास्करन दोन दिवसांपूर्वी सोलापूरच्या गाडीवर गेला होता, चार दिवसांनी येणार होता. मी दुपारी चाळीत शिरले तर सगळ्या बायका तंकमच्या दाराशी पदर तोंडाला लावून बसलेल्या. दार बंद. हिरव्या लुगड्याचा पडदा आत ओढून घेतलेला.

“काय झालं मावशी?”

“त्या मद्राशाचा पाय मोडला गं. सोलापुरात. शिडीवरनं पडला म्हनं. तिथंच दवाखान्यात ठिवलाय. हापिसातला मानूस येऊन सांगून गेला.”

“म्हणजे जिवंत आहे ना?”

“हाय की. पाय मोडल्यानं कुनी मरतंय व्हय?”

“मग तंकमनं दार का लावलंय?”

मावशी घुटमळल्या. “त्यो मानूस हिंदीत सांगाय लागला. तिला उमजंना. नवऱ्याचं नाव तेवढं कळलं. मग मी तिला जवळ घेतली, म्हनलं, माय, कसं गं झालं तुजं. तर ती आमच्या सगळ्यांच्या तोंडाकडं बघत ऱ्हायली, आन् आत जाऊन कडी घातली.”

“तुम्ही रडत होता का?”

“आता परदेशी पोरगी, एकटी, त्यात पाय मोडलेला नवरा. रडू येनार न्हाई व्हय मानसाला?”

एकदम सगळं माझ्या लक्षात आलं. कामावरचा माणूस दारात, तोंडी नवऱ्याचं नाव, आणि सहा बायका गळा काढून रडतायत. दुसरं काय समजणार होती ती?

मी दार वाजवलं, हाका मारल्या. आपल्या खोलीत जाऊन भिंतीवर ठकठक केलं. उत्तर नाही. मग ट्रंक भिंतीला लावून तिच्यावर चढले आणि वरून पाहिलं. त्या खोलीत मी कितीदा गेले होते, पण वरून ती फार लहान दिसली. तंकम उघड्या जमिनीवर पालथी पडली होती. गळ्यातली ताळीची साखळी, म्हणजे त्यांचं मंगळसूत्र, काढून तिनं देवाच्या तसबिरीपुढं ठेवली होती. चूल विझलेली, आणि चुलीशेजारी रॉकेलची बाटली. ती रोजच तिथं असायची, पण त्या दिवशी मला ती निराळी दिसली.

“तंकम,” मी म्हटलं. “भास्करन बरा आहे. ठीक आहे. अच्छा है.”

तिनं मान वळवली. भिंतीवर फक्त माझं डोकं दिसत असणार. पाय मोडलाय हे मी तिला कसं दाखवणार? मी हात वर करून काठी मोडल्याची खूण केली. ती थोडा वेळ माझ्या हातांकडं बघत राहिली आणि तिनं डोळे मिटून घेतले. मी आणखी बिघडवलं होतं.

“कडी तोडू का?” मावशींनी बाहेरून विचारलं.

“नको. ती आणखी भिईल.”

“मग इथं कुनीतरी नजर ठिवाय पायजे. पोरगी काय करून बसंल, सांगता येत न्हाई.” आणि मावशी, ज्या चार महिन्यांत माझ्या उंबऱ्याच्या आत कधी आल्या नव्हत्या, त्या सरळ आत आल्या, लुगडं खोचलं आणि माझ्या खांद्याचा आधार घेऊन ट्रंकेवर चढल्या. “जा तू. तिच्या भाषेतलं मानूस धरून आन कुठनं तरी. मी हाय हितं.”

तंकमच्या भाषेतला एकच माणूस मला ऐकून ठाऊक होता. रेल्वेच्या वसाहतीतला एक कारकून. मी रूळ ओलांडून तिकडं गेले. दाराला कुलूप. शेजारणीनं सांगितलं, बायकोला घेऊन महिन्याच्या रजेवर गावी गेलाय. आणखी दोन घरं दाखवली, एक तमिळ निघालं, दुसरं तेलुगू, आणि दोन्हीकडची पुरुषमाणसं कामावर. तमिळ बाई यायला तयार होती, पण तिच्या कडेवर तापलेलं मूल होतं, मला तिला ‘चला’ म्हणवेना. मी स्टेशनात गेले. तिथल्या एका वयस्कर तिकीट तपासनिसानं माझं सगळं ऐकून घेतलं. घड्याळाकडं बघून म्हणाला, “मद्रासची गाडी येईल आता अर्ध्या तासात. इंजीन पाणी घेईपर्यंत थांबते. बघा कुणी सापडतंय का.”

तो अर्धा तास मला अजून आठवतो. उन्हं कलली होती. फलाटावर झाडलोट चालली होती, पाण्याचा फवारा मारून तापलेला दगड निववत होते आणि त्याची वाफ पायांशी घोटाळत होती. मी कधी अनोळखी पुरुषाशी आपणहून बोलले नव्हते. घरी पाहुणे आले तर आईच्या मागं उभी राहणारी मुलगी मी. आता भरलेल्या गाडीला मी काय विचारणार होते?

गाडी आली. मी पहिल्या खिडकीशी गेले आणि माझा आवाजच फुटला नाही. दुसऱ्या खिडकीशी कसाबसा फुटला. “मल्याळम?” आतल्या माणसानं मला केळं देऊ केलं. पुढच्या डब्यात “मल्याळम? मल्याळम?” तर चार माणसं एकदम काहीतरी सांगू लागली, त्यातलं मला काही कळलं नाही. एका शिपायानं खिडकीतून हात बाहेर काढून “आगे, आगे” असं दाखवलं. मी पुढं निघाले. डब्यामागून डबा. खिडक्यांत चेहरे, झोपलेले, पान खाणारे, उशीला डोकं टेकून बाहेर बघणारे. सगळे कुठून तरी कुठं तरी निघालेले, आणि त्यांच्यापुढं मी एकच शब्द घेऊन धावत होते. तिकडं इंजिनानं पाणी घेतलं होतं. गार्डनं हिरवं निशाण काखेतून काढलेलं मला दिसलं.

बायकांच्या डब्याच्या शेवटच्या खिडकीत एक बाई बसली होती. चाळिशीच्या पुढची, पांढरी सुती साडी, मांडीवर छत्री. मी विचारण्याआधीच तिनं माझ्याकडं बघितलं.

“मल्याळम?”

“हो. का?” तिनं इंग्रजीत विचारलं.

माझं इंग्रजी शाळेतलं. मी सांगितलं की एक बाई आहे, तिचा नवरा मेलेला नाही, पण तिला वाटतं की तो मेला, आणि तिला ते सांगणारं कुणी नाही. एवढी तीन वाक्यं मी तीनदा म्हटली असतील.

ती म्हणाली, “किती लांब?”

“दहा मिनिटं.”

“गाडी किती वेळ आहे?”

तेवढ्यात शिट्टी झाली. तिनं एकदा समोरच्या बाकाकडं पाहिलं, एकदा माझ्याकडं. मग उठली, वरची पत्र्याची पेटी काढली आणि दारात येऊन माझ्या हातात दिली. गाडी हलली तेव्हा ती फलाटावर माझ्याशेजारी उभी होती, छत्री काखेला लावत. गाडी पुरती निघून गेली. मग ती म्हणाली, “चलो.”

तिच्या जागी मी असते तर उतरले असते का, हा प्रश्न मी पुढं अनेक वर्षं स्वतःला विचारला. खरं उत्तर मला अजून देता आलेलं नाही.

चाळीत पोचलो तेव्हा मावशी ट्रंकेवर तशाच उभ्या होत्या, भिंतीला दोन्ही कोपरं टेकून. “हालली न्हाई,” त्या म्हणाल्या. “निस्ती पडून हाय.” त्या बाईनं दार वाजवलं नाही. उंबऱ्यावर बसली, दाराला पाठ टेकून, आणि बोलू लागली. फार हळू. आवाजात घाई नव्हती. मला त्यातलं एकच नाव कळत होतं, भास्करन. मधे ती थांबायची. पुन्हा बोलायची. बोळाच्या तोंडाशी उन्हाची शेवटची पट्टी होती ती सरकत सरकत भिंतीवर चढली.

मग आतून एक शब्द आला. प्रश्न असावा. बाईनं उत्तर दिलं. पुन्हा तोच शब्द आला, पुन्हा तिनं तेच उत्तर दिलं. असं किती वेळा झालं मी मोजलं नाही. आणि मग कडी निघाली.

तंकम दारात उभी होती. चेहऱ्यावर जमिनीचे वळ उठले होते. तिनं त्या बाईकडं पाहिलं, मग माझ्याकडं, आणि म्हणाली, “वेळ्ळम.”

त्या दिवशी तिच्या तोंडून आलेला, मला कळलेला तो पहिला शब्द. मी धावत माझ्या माठातलं पाणी आणलं. तांब्या तोंडाला लावून ती सगळं प्याली. “मला बी दे गं,” मावशी ट्रंकेवरून उतरता उतरता म्हणाल्या, “घसा पार वाळून गेला.” मी तांब्या पुन्हा भरला आणि क्षणभर थांबले. त्यांनी माझ्या हातून तांब्या घेतला आणि प्यायल्या. त्यांच्या लक्षात आलं की नाही, देव जाणे.

पुढची व्यवस्था त्या बाईनंच केली. संध्याकाळी एक पॅसेंजर सोलापूरकडं जायची. तिला त्याच वाटेनं जायचं होतं, तेव्हा तंकमला सोलापूरला उतरवून, दवाखान्यात नवऱ्यापाशी पोचवून मगच पुढं जाईन, असं ती म्हणाली. ती मुंबईला परिचारिका होती हे तेव्हा कळलं. बिछान्यातल्या रुग्णाचे विंचरावेत तसे तिनं तंकमचे केस विंचरले आणि तसबिरीपुढची साखळी स्वतःच्या हातानं तिच्या गळ्यात घातली. मावशींनी पिठलं-भाकरी केली. त्या बाईनं मांडी घालून दोन भाकऱ्या खाल्ल्या.

स्टेशनावर मी तिची पेटी धरून चालत होते. मला राहवलं नाही. म्हटलं, “घरी तुमची वाट बघत असतील.”

ती आपल्या मुंबईच्या हिंदीत म्हणाली, “मेरा कोई राह नहीं देखता. घर बंद है. साल में एक बार जाती, खोलती, झाड़ू मारती, फिर बंद करके आती.” हे तिनं दुःखानं सांगितलं नाही. रजा कशी जाते ते सांगावं तसं सांगितलं. मग तंकमला खिडकीची जागा मिळावी म्हणून ती पुढं घुसली. गाडी सुटताना तंकमनं खिडकीतून माझ्या हातात आपल्या खोलीची किल्ली ठेवली. त्या बाईचं नाव विचारायचं राहूनच गेलं. आज ती असणं शक्य नाही. पण दक्षिणेकडं कुठंतरी एखादं कौलारू घर बंद असेल, पानं साचलेलं अंगण असेल, असं अधूनमधून माझ्या मनात येतं आणि मी उगीचच बेचैन होते.

पुढच्या रविवारी माझं पत्र घेऊन बाबा आले. मी त्यांना भाकरी आणि वांग्याचं भरीत वाढलं. त्यांनी खोली पाहिली, गज पाहिले. म्हणाले, “मग, येतेस ना परत? आईनं तुझी जागा करून ठेवलीय.”

“शेजारची किल्ली माझ्याकडं आहे बाबा. ती येईपर्यंत तरी राहावं लागेल.”

बाबा हात धुता धुता थांबले. माझ्याकडं जरा वेळ बघत राहिले, जणू ही मुलगी त्यांनी इथं सोडलेली नव्हती. मग म्हणाले, “राहा. पण पत्र दर आठवड्याला टाकत जा.”

तंकम आणि भास्करन परतले तेव्हा थंडी पडू लागली होती. दोन महिने झाले होते. मी दारात तांदूळ निवडत बसले होते. बोळातून टांगा आला, त्यातून आधी एक कुबडी उतरली, मग भास्करन, मग तंकम. ती माझ्याकडं चालत आली, कमरेवर हात ठेवले आणि अस्सल सोलापुरी ठसक्यात म्हणाली, “टीच्चर, काय करालीस गं? जेवलीस काय?”

माझ्या हातातलं सूप कलंडलं. सोलापूरच्या दवाखान्यातल्या लांब खोलीत, आजूबाजूच्या रुग्णांच्या बायकांत दोन महिने बसून ती मराठी शिकून आली होती. शब्द थोडे होते, पण ज्या बायकांकडून घेतले होते त्यांचे हेल, मानेचे झटके, सगळं सगळं सोबत आलं होतं. मावशी तर पोट धरून हसल्या. त्या दिवशी चाळीत जो तो तिला बोलतं करायला येऊन गेला.

दिवेलागणीला आम्ही दोघी माझ्या उंबऱ्यावर बसलो. आता बोलता येत होतं, तर काय बोलावं ते सुचेना. बराच वेळ ती शब्द जुळवत होती. मग म्हणाली, “तुझी आई हाय ना गं?”

“आहे की. शिरूरला.”

“बाप?”

“तेही आहेत. येऊन गेले ना मागं.”

“मग रोज रडत कशाला होतीस?”

हे मी वर लिहिलेलं नाही. लिहायचंही नव्हतं. दौंडला आल्यावरचे पहिले दोन महिने मी रोज संध्याकाळी कंदील लावायच्या आधी, अंधाराच्या आडोशाला, तोंडात पदर धरून रडत असे. कुणाला ऐकू जात नाही याची माझी खात्री होती. तिला वाटलं होतं मी अनाथ आहे, माझं कुणी गेलंय. म्हणून ती नळावर माझ्यासाठी थांबायची.

मला लाज वाटली. उत्तर द्यायचं सोडून मी उलट तिलाच म्हटलं, “तू पण तर रडायचीस. भिंतीवरून मला ऐकू यायचं. तू कशाला रडत होतीस?”

तंकमनं माझ्याकडं असं पाहिलं की एवढंही कसं कळत नाही हिला.

“तुझं ऐकून,” ती म्हणाली.